निविदेतल्या अटी: कुठली मोडली की बाद, कुठली चालवून घेता येते?

मोजमापपुस्तक (धागाकर्ता)

निविदेची तांत्रिक छाननी सुरू झाली की एक वाद हमखास उभा राहतो. कुणाचा एक कागद कमी असतो, कुणाच्या बँक हमीची तारीख आठवडाभर अलीकडची असते. तो म्हणतो, किरकोळ बाब आहे, चालवून घ्या. दुसरा म्हणतो, मूलभूत अट आहे, बाद करा. समितीने कुठलाही निर्णय दिला तरी एक जण उच्च न्यायालयात जातो. यातले बरेच वाद मसुदा नीट वाचला तर टळतात, म्हणून हा धागा. सार्वजनिक बांधकाम आणि जलसंपदा विभागांची बी-१ (टक्केवारी दराच्या), बी-२ (बाबनिहाय दराच्या) नमुन्यांवरची कामं समोर ठेवून लिहितो आहे. केंद्राच्या आणि जेमच्या (केंद्राचं खरेदी पोर्टल) निविदांतले फरक जाणकारांनी जोडावेत.

'राहील', 'आवश्यक आहे' असं लिहिलेलं असलं म्हणजे अट मूलभूत झाली, असं नाही. आपल्या मसुद्यांत प्रत्येक पानावर सही-शिक्का 'आवश्यक राहील' आणि बयाणा रक्कमही (निविदेसोबत भरायची अनामत) 'आवश्यक राहील'. दोन्हींचं वजन सारखं नसतं. त्यामुळे मी अट वाचताना आधी परिणाम शोधतो. ती पाळली नाही तर काय होईल, हे मसुद्यात कुठे लिहिलंय का? कन्हैयालाल अग्रवाल विरुद्ध भारत सरकार (२००२) या रेल्वेच्या निविदेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हीच कसोटी दिली: अट न पाळल्याने निविदा फेटाळली जाणार असेल तर ती अट आवश्यक, नाहीतर आनुषंगिक.

इथे बारकाईने बघा. 'निविदा नाकारली जाईल' आणि 'निविदा नाकारण्याचा अधिकार विभाग राखून ठेवत आहे' ही दोन वेगळी वाक्यं आहेत. पहिल्यात समितीला पर्याय नाही. दुसऱ्यात आहे, पण तो वापरला तर कारण लिहावं लागतं. तिसरा प्रकार सगळ्यात त्रासदायक: शेवटच्या पानावर 'वरीलपैकी कोणत्याही अटीची पूर्तता न केल्यास निविदा अपात्र ठरेल' असं सरसकट वाक्य. या एका ओळीने पान क्रमांकाची अटसुद्धा कागदोपत्री बयाणा रकमेच्या पंक्तीला येऊन बसते.

मग हेतू. पोद्दार स्टील विरुद्ध गणेश इंजिनिअरिंग (१९९१) हा निकाल माहीत असायलाच हवा. वाराणसीच्या डिझेल लोकोमोटिव्ह वर्क्सला भंगार विकायचं होतं. बयाणा रोखीने किंवा स्टेट बँकेवरच्या डीडीने भरा, अशी अट होती. पोद्दारने युनियन बँकेचा, त्याच बँकेने प्रमाणित केलेला धनादेश जोडला. न्यायालयाने अटींचे दोन वर्ग केले: पात्रतेच्या आवश्यक अटी, आणि मुख्य हेतूला साहाय्यभूत अशा दुय्यम अटी. बयाणा खात्रीने हातात येणं हा हेतू होता आणि तो साधला होता, म्हणून निविदा स्वीकारणं योग्य ठरलं.

आणि समान वागणूक. रामण्णा शेट्टी प्रकरणात (१९७९) मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहासाठी 'किमान ५ वर्षांचा अनुभव असलेला नोंदणीकृत द्वितीय श्रेणी हॉटेलचालक' हवा होता. ज्याला काम मिळालं तो कँटीन चालवत होता. अनुभव १० वर्षांचा, पण नोंदणी नव्हती. न्यायालय म्हणालं, स्वतः जाहीर केलेल्या निकषापासून प्राधिकरणाला असं बाजूला होता येत नाही. ती अट वाचून जे निविदेच्या वाटेला गेलेच नाहीत, त्यांच्यावरही अन्याय होतो. माझ्या मते संपूर्ण विषयाचा गाभा इथेच आहे. सूट देताना समोर बसलेले चार निविदाकार मोजून भागत नाही, न आलेलेही मोजावे लागतात.


खडी_क्रशर

मांडणी उत्तम. पण भरणाऱ्याने हे वर्गीकरण डोक्यात ठेवून निविदा भरू नये, हे ठामपणे सांगतो. आवश्यक की दुय्यम हा प्रश्न तपासणाऱ्याचा आणि कोर्टाचा. भरणाऱ्याला सगळ्या अटी बंधनकारकच. लिफाफा क्रमांक १ मध्ये (तांत्रिक कागदपत्रांचा) निविदा प्रत्यक्षात कुठे पडतात ते लिहितो.

बँक हमीची मुदत. केंद्राच्या नियमांत बयाणा हमी निविदेच्या वैधतेनंतर आणखी ४५ दिवस चालू असावी लागते. समजा निविदा ५ मे रोजी उघडणार आणि वैधता १२० दिवस. म्हणजे २ सप्टेंबर. अधिक ४५ दिवस, म्हणजे १७ ऑक्टोबर. लोक 'चार महिने' धरतात किंवा हमी काढली त्या दिवसापासून मोजतात आणि दोन-चार दिवसांनी कमी पडतात. त्याहून वाईट म्हणजे मध्येच शुद्धिपत्रक येऊन उघडण्याची तारीख ७ दिवस पुढे जाते. निविदेचे दिवस पुढे सरकले, हमी तिथेच राहिली. बँकेकडून लगेच मुदतवाढीचं पत्र घ्या. हमी काढतानाच महिनाभर जास्तीची काढली तर खर्च किरकोळ वाढतो आणि ही कटकट संपते.

बँक हमीचा नमुना. मसुद्याबरोबर नमुना दिला असेल तर बँकेला तोच द्यायचा. बँका आपला छापील मजकूर वापरतात आणि त्यात 'मागणी कारणासह व पुराव्यासह करावी' असं काहीतरी घुसतं. मग ती हमी बिनशर्त राहत नाही. एसएफएमएसची (बँकांमधली संदेशप्रणाली) पुष्टी विभागाच्या बँकेकडे गेली का, तेही विचारून घ्या.

निविदा क्षमता. सूत्र बहुतेक ठिकाणी अ × न × २ − ब. 'अ' म्हणजे मसुद्यात दिलेल्या वर्षांतली सर्वाधिक वार्षिक उलाढाल, मसुद्यातल्या गुणकाने आजच्या पातळीवर आणलेली. 'न' म्हणजे कामाची मुदत वर्षांत. 'ब' म्हणजे हातातल्या कामांचं त्या मुदतीत करायचं शिल्लक मूल्य. उलाढाल ३ कोटी, मुदत दीड वर्ष, शिल्लक कामं ४ कोटी: ३ × १.५ × २ − ४ = ५ कोटी. कामाची किंमत ५ कोटी २० लाख असेल तर तुम्ही बाद. इथे 'ब'मधलं एखादं जिल्हा परिषदेचं काम वगळायचा मोह होतो. वगळू नका. क्षमता कमी पडली तर एक निविदा जाते, खोटी माहिती सापडली तर काळ्या यादीत नाव जातं.

दरपत्रकाची फाइल. महाटेंडर्सवरून (राज्याचं ई-निविदा पोर्टल) उतरवलेल्या एक्सेल फाइलचं नाव बदलायचं नाही, रकाने हलवायचे नाहीत, दुसऱ्या फाइलमधून मजकूर चिकटवायचा नाही. साइट ती फाइल घेतच नाही. बयाणा एनईएफटी किंवा आरटीजीएसने भरत असाल तर रक्कम खात्यात दिसायला वेळ लागतो. शेवटच्या दिवशी दुपारी भरणं म्हणजे धोका पत्करणं. वेळ सर्व्हरच्या घड्याळाची. ती टळली की माफीचा अधिकार कुणाकडेच उरत नाही.


मेधा_वि

मोजमापपुस्तक, पोद्दार स्टीलवर फार विसंबू नका, एवढंच सुचवते. आज तो निकाल हातात घेऊन कोर्टात उभं राहिलं की समोरून सेंट्रल कोलफिल्ड्स विरुद्ध एसएलएल-एसएमएल (२०१६) येतो. तिथे बँक हमी विहित नमुन्यात नव्हती आणि निविदा फेटाळली गेली. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. अट आवश्यक आहे की नाही हे आधी निविदा काढणाऱ्याने ठरवायचं आणि कोर्टाने त्या निर्णयाचा मान राखायचा, अशी भूमिका घेतली. आवश्यक अटीपासूनही दूर जाण्याचा अधिकार त्याला आहे, पण ती सवलत सगळ्या निविदाकारांना आणि निविदा भरू शकले असते अशा सगळ्यांना मिळाली पाहिजे. म्हणजे रामण्णा शेट्टीकडेच परत.

अर्थ लावण्याबद्दल नागपूर मेट्रोचं प्रकरण बघा: अ‍ॅफकॉन्स विरुद्ध नागपूर मेट्रो रेल कॉर्पोरेशन (२०१६). एका संयुक्त उपक्रमाने चीनमधल्या पर्ल रिव्हर डेल्टा इंटरसिटी रेल्वेच्या कामाचा अनुभव दाखवला होता. तो निविदेतल्या पात्रतेत बसतो का, एवढाच मुद्दा. मेट्रो कॉर्पोरेशनने तो बसत नाही असं ठरवलं होतं, नागपूर खंडपीठाने तो बसतो असं म्हटलं, सर्वोच्च न्यायालयाने खंडपीठाचा निर्णय फिरवला. ज्याने मसुदा लिहिला त्यालाच आपली गरज सगळ्यात चांगली कळते. दोन अर्थ निघत असतील तर त्याचा अर्थ चालेल, जोवर त्यात दुष्ट हेतू किंवा उघड विपर्यास नाही. नवोदय विद्यालय समितीच्या टॅब्लेट खरेदीत (अ‍ॅगमाटेल, २०२२) तसंच झालं. 'समान प्रकारचे उत्पादन' यात स्मार्टफोन पुरवल्याचा अनुभव धरायला समितीने नकार दिला होता, तो नकार टिकला.

सूट देण्यापुरतं बी. एस. एन. जोशी विरुद्ध नायर कोल (२००६) हा महाराष्ट्रातल्या वीजकेंद्रांच्या कोळशाचा निकाल वाचा. त्याचं सूत्र व्यवहाराला सोयीचं आहे. मसुद्यात शिथिलतेचा सर्वसाधारण अधिकार लिहिलेला नसेल आणि अट पाळणं सगळ्यांना शक्य असेल, तर काटेकोर पालन. सगळ्यांनाच सवलत दिली असेल, तर तो अधिकार आहे असं धरता येतं. त्याच्या जोडीला विदर्भ पाटबंधारे विकास महामंडळाचं २०१९ चं प्रकरण: हमी ४० महिन्यांची हवी होती, आली ६ महिन्यांची, नंतर दुरुस्त करून घेतली. न्यायालयाने ती दुरुस्ती मान्य केली नाही. पाटबंधारेवाल्यांनी हा निकाल टेबलावर ठेवावा.


नव्याने_नोंदणी

दोन प्रश्न. उद्यम नोंदणी (लघु उद्योगांची सरकारी नोंदणी) असेल तर बयाणा माफ, असं सगळे सांगतात. मग काही निविदांत उद्यम प्रमाणपत्र लावूनही अपात्र का करतात? आणि एखादा कागद अपलोड करायचा राहिला, तर नंतर मागवून घेणं समितीवर बंधनकारक आहे का?


लेखाशाखा

पहिला प्रश्न. बयाणामाफीचा आधार म्हणजे केंद्राचा सूक्ष्म व लघु उद्योगांसाठीचा २०१२ चा सार्वजनिक खरेदी धोरण आदेश. तो केंद्रीय मंत्रालयं आणि केंद्राच्या उपक्रमांना लागू आहे, आणि तोही उत्पादित वस्तू आणि दिलेल्या सेवांपुरता. रस्ता, इमारत, कालवा ही कामं त्यात येत नाहीत. दुसऱ्याचा माल विकणारे व्यापारीही नाहीत. राज्यात वस्तू-सेवांच्या खरेदीला उद्योग विभागाची १ डिसेंबर २०१६ ची नियमपुस्तिका आहे, तर बांधकामांना सार्वजनिक बांधकाम विभागाचे स्वतःचे शासन निर्णय. त्यामुळे आधी निविदा कुणाची, मग ती कामाची की पुरवठ्याची, हे बघा. त्यानंतर त्या मसुद्यात माफीचं कलम शब्दशः आहे का ते शोधा. माफी ही सवलत आहे. ती मागणाऱ्यानेच आपण तिच्यात बसतो हे कागदाने दाखवायचं असतं, आणि उद्यम प्रमाणपत्रावरची नोंद निविदेतल्या वस्तू-सेवेशी जुळली पाहिजे. शंका असेल तर बयाणा भरून टाका. पैसे परत येतात, बाद झालेली निविदा येत नाही.

दुसरा. मागवून घेणं समितीवर बंधनकारक नाही, पण सरसकट मनाईही नाही. केंद्राच्या खरेदी नियमावलीत याची रेघ फार नेमकी आखली आहे: निविदा उघडण्याच्या वेळी जो कागद आधीच अस्तित्वात होता आणि त्यानंतर बदललेला नाही, तोच मागता येतो. वस्तू व सेवा कर नोंदणीचं प्रमाणपत्र, आधीच्या वर्षांचा लेखापरीक्षित ताळेबंद, काम पूर्णत्वाचा जुना दाखला हे मागता येतात. निविदा उघडल्यानंतरच्या तारखेचा सॉल्व्हन्सी (आर्थिक ऐपतीचा) दाखला चालत नाही, कारण त्या दिवशी तो नव्हताच. बयाणाही नंतर भरता येत नाही. दर किंवा देकार बदलेल असं काहीही मागायचं नाही. समितीने एकाला मागितलं तर तशाच उणिवेच्या प्रत्येकाला, त्याच तारखेला, तेवढ्याच मुदतीत मागायचं, आणि सगळं पोर्टलवरून. फोनवर 'साहेब, पाठवतो' हा मार्ग दोघांनाही गोत्यात आणतो.


मेधा_वि

लेखाशाखा यांचा शेवटचा मुद्दा ठळक करते. बन्शीधर कन्स्ट्रक्शन विरुद्ध भारत कोकिंग कोल (२०२४) मध्ये एकाला कागदाच्या कारणावरून बाहेर काढलं आणि दुसऱ्याच्या उणिवा चालवून घेतल्या. दिलेलं कंत्राट सर्वोच्च न्यायालयाने रद्द केलं. कोर्ट हस्तक्षेप करत नाही असं म्हणून निर्धास्त राहणाऱ्या अधिकाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. अर्थ लावायची मुभा मिळते, भेदभाव करायची मिळत नाही.

आकडेमोडीच्या चुका हा निराळा प्रकार. पुरुलिया पंप साठवण प्रकल्पात (पश्चिम बंगाल वीज मंडळ विरुद्ध पटेल इंजिनिअरिंग, २००१) संगणकातल्या चुकीमुळे दर चुकले, दुरुस्त करू द्या, अशी विनंती होती. नाकारली गेली. एकक दर आणि एकूण रक्कम जुळत नसेल तर एकक दर धरायचा, हा मसुद्यातला नियम सगळ्यांना सारखा. टक्केवारीच्या बी-१ मध्ये 'बिलो' आणि 'अबव्ह'ची (अंदाजपत्रकापेक्षा कमी की जास्त) निवड चुकली तर तीच गत होते.


कोकणकडा

सगळी चर्चा काम मिळण्याच्या आधीची चालली आहे. कार्यारंभ आदेशानंतर हाच प्रश्न वेगळं रूप घेतो, आणि उपविभागात बसून सांगतो की खरा पैसा तिथे बुडतो. करारनाम्यातल्या 'करता येईल'च्या प्रत्येक कलमात विचारायचं: हा पर्याय कुणाच्या हातात आहे, तो वापरायचा अधिकारी कोण, आणि त्याला मुदत आहे का?

बी-१ चं कलम २ घ्या. विलंबासाठी दररोज अंदाजपत्रकीय रकमेच्या १ टक्का, 'किंवा अधीक्षक अभियंता ठरवतील ती कमी रक्कम', एकूण मर्यादा १० टक्के. काम २ कोटींचं असेल तर पूर्ण दराने रोज २ लाख आणि दहाव्या दिवशी २० लाखांची मर्यादा गाठली. नुकसानभरपाई देणं ठेकेदारावर बंधनकारक, पण दर किती लावायचा हा अधीक्षक अभियंत्यांचा विवेक. कार्यकारी अभियंत्यांनी परस्पर 'रोज ५०० रुपये' लिहिलेलं पत्र त्या विवेकाचा वापर ठरत नाही. लेखापरीक्षणात यावर आक्षेप निघतात आणि लवादापुढेही.

कलम ६, मुदतवाढ. अडथळा आल्यापासून ३० दिवसांत किंवा कामाची मुदत संपण्यापूर्वी, यातलं जे आधी असेल तेव्हापर्यंत, कार्यकारी अभियंत्यांकडे लेखी अर्ज. विजेचे खांब हलवले नाहीत म्हणून १० मार्चला काम थांबलं तर ९ एप्रिलच्या आत अर्ज गेला पाहिजे. बहुतेक जण मुदत संपत आली की एकच गठ्ठा अर्ज देतात: पाऊस, भूसंपादन, खांब, निवडणूक आचारसंहिता, सगळं एकत्र. त्यातली निम्मी कारणं मुदतबाह्य झालेली असतात. दर अडथळ्याला वेगळं पत्र, सुरू झाल्याची तारीख, संपल्याची तारीख, कुठल्या साखळीपासून (कामाच्या लांबीवरचं मोजमापाचं ठिकाण) कुठल्या साखळीपर्यंत काम अडलं, किती मजूर आणि यंत्रं बसून राहिली, आणि कार्यस्थळ नोंदवहीत त्याच दिवसाची नोंद. ही नोंद शाखा अभियंत्याच्या सहीची हवी. नंतर बनवलेला तक्ता तिची जागा घेऊ शकत नाही.

कलम ३, करार रद्द करण्याचं. इथे विभागाला दोन-तीन मार्ग दिलेले असतात. काम काढून घेऊन अनामत जप्त करणं, विभागामार्फत करून घेणं, ठेकेदाराच्या खर्चाने व जोखमीवर दुसऱ्याकडून करून घेणं. मार्ग निवडणं ऐच्छिक आहे, पण कुठला निवडला हे नोटिशीत नेमकं लिहावं लागतं. नोटीस एका उपकलमाची आणि वसुली दुसऱ्याची, अशी गल्लत झाली की वसुली टिकत नाही.

आणि कलम ३८. निविदेतल्या परिमाणापेक्षा २५ टक्क्यांपर्यंत वाढ झाली तर ती निविदेच्याच दराने करणं ठेकेदारावर बंधनकारक. खोदाई ४,००० घनमीटर असेल तर ५,००० पर्यंत जुना दर, त्यापुढच्या परिमाणाचा दर त्या वर्षीच्या दरसूचीवरून काढतात. मोजमाप पुस्तिकेत ५,००० ची रेघ ओलांडल्याची तारीख स्वतंत्र दिसली पाहिजे. ती नसेल तर कुठल्या वर्षाची दरसूची लावायची यावरच फाइल अडकते.


खडी_क्रशर

कोकणकडा, कलम ६ बद्दल एक विचारतो. मुदतवाढ मिळाली, पण मंजुरीच्या पत्रात दंडाबद्दल एक शब्द नाही. दोन वर्षांनी अंतिम देयकातून दंड कापला. चालतं का?


मेधा_वि

भारतीय करार अधिनियम, १८७२ चं कलम ५५ बघा, तिसरा परिच्छेद. ठरलेल्या वेळेनंतरची पूर्तता स्वीकारली तर उशिराची भरपाई मागता येत नाही, जर स्वीकारतानाच तशी सूचना दिली नसेल. म्हणून जाणकार अभियंते मुदतवाढीच्या पत्रात 'कलम २ खालील भरपाई वसूल करण्याचा शासनाचा हक्क अबाधित ठेवून' असं लिहितात. ही ओळ नसेल तर ठेकेदाराची बाजू बळकट होते. तरी निकाल त्या पत्राचा पूर्ण मजकूर, आधीच्या नोटिसा आणि करारातली इतर कलमं बघून लागतो, त्यामुळे फक्त गाळलेल्या ओळीवर दावा उभारू नका. कलम ६३ देखील लक्षात असू द्या: ज्याच्या फायद्याची अट आहे त्याला ती सोडून देता येते. पण शासनाच्या वतीने ती सोडायचा अधिकार कुणाकडे आहे, हे वित्तीय अधिकारांच्या तक्त्यावरून ठरतं. कनिष्ठ अभियंत्याने तोंडी 'राहू द्या' म्हटलं, म्हणजे शासनाने अट सोडली असं होत नाही.


नव्याने_नोंदणी

अट स्वतःच अन्यायाची वाटत असेल तर? डांबर प्लँट अमुक किलोमीटरच्या आत हवा, उपअभियंत्याचा स्थळपाहणीचा दाखला हवा, अशा अटी असतात.


मोजमापपुस्तक

निविदापूर्व बैठकीत लेखी प्रश्न टाका, हे पहिलं आणि सगळ्यात महत्त्वाचं. उत्तर आलं की ते मसुद्याचा भाग होतं आणि सगळ्यांना बांधतं. निविदा भरली, लिफाफा उघडला, आपण बाद झालो आणि मग 'ही अटच बेकायदा' म्हटलं, तर अट मान्य करून तू भाग घेतलास, असं उत्तर मिळतं.

अटींतही फरक करा. डांबर मिश्रणाचं तापमान वाहतुकीत उतरतं, म्हणून प्लँटच्या अंतराच्या अटीला तांत्रिक आधार आहे. वाद किलोमीटरच्या आकड्यावर घालता येतो. बैठकीत विचारताना 'स्पर्धा मर्यादित होते' एवढंच मोघम लिहू नका. प्लँटपासून कामापर्यंत किती वेळ लागतो, झाकलेल्या डंपरमध्ये तापमान किती राहतं, काम मिळाल्यावर कराराच्या दिवसापासून इतक्या दिवसांत प्लँट उभारण्याचं हमीपत्र चालेल का, असं विचारा. स्थळपाहणीच्या दाखल्याचं तसं नाही. त्याने कोण निविदा भरणार हे एका टेबलावर आधीच कळतं आणि संगनमताला वाट मिळते. तिथे 'आम्ही स्थळ पाहिलं आहे' हे निविदाकाराचं स्वयंघोषणापत्र पुरेसं असावं, अशी लेखी मागणी करा.

अनुभवाच्या अटींना तुलनेसाठी केंद्रीय दक्षता आयोगाचं १७ डिसेंबर २००२ चं परिपत्रक हाताशी ठेवा. मागच्या ७ वर्षांत अंदाजपत्रकाच्या ४० टक्क्यांची ३ समान कामं, किंवा ५० टक्क्यांची २, किंवा ८० टक्क्यांचं १. आणि ३ वर्षांची सरासरी उलाढाल ३० टक्के. ५ कोटींच्या कामाला म्हणजे २ कोटींची तीन, अडीच कोटींची दोन किंवा ४ कोटींचं एक. राज्याच्या निविदांवर ते थेट बंधनकारक नाही. तरी एखाद्या मसुद्यात १०० टक्क्यांचं एक काम मागितलं असेल तर, का मागितलं, हे विचारायला मोजपट्टी मिळते.

मसुदा लिहिणाऱ्यांना विनंती. ते सरसकट वाक्य काढून टाका. त्याऐवजी निविदा सूचनेला जोडून तीन रकान्यांचा तक्ता द्या: कागद, नसेल तर काय, नंतर मागता येईल का. बयाणा: अपात्र, नाही. लेखापरीक्षित ताळेबंद: मागवला जाईल, होय, पोर्टलवरून कळवल्यापासून ३ दिवसांत. पान क्रमांक: परिणाम नाही. सुरक्षा अनामतीचं नाव, रक्कम, मुदत, कुणाच्या नावे, हे एकाच ठिकाणी लिहा. निविदा सूचनेत एक आणि विशेष अटींत दुसरं असं झालं की कोणतं धरायचं यावर वाद होतो. कागदपत्रांचा अग्रक्रम सांगणारं कलम आहे ना, तेही बघा. कमी दराच्या निविदेसाठीची अतिरिक्त कामगिरी सुरक्षा कुठल्या लिफाफ्यात आणि कुठल्या वेळी द्यायची, हे तर उदाहरणाचा आकडा घालून लिहा. सूत्रातल्या टक्केवारीचा अर्थ प्रत्येक जण आपल्या सोयीने लावतो.


लेखाशाखा

जेमबद्दल राहिलं होतं. तिथे तीन थर असतात: सर्वसाधारण अटी, वस्तू किंवा सेवेच्या विशेष अटी आणि खरेदीदाराने जोडलेल्या अतिरिक्त अटी. विरोध आला तर अतिरिक्त अटी वरचढ, मग विशेष, मग सर्वसाधारण. त्यामुळे पडद्यावरचा 'बयाणामाफी: होय' हा रकाना बघून थांबू नका, खरेदीदाराने जोडलेली पीडीएफ शेवटच्या पानापर्यंत वाचा. कामगिरी हमी तिथे संपूर्ण जबाबदारी संपल्यानंतर ६० दिवसांपर्यंतची मागितलेली असते. वॉरंटी ३ वर्षांची असेल तर हमी ३ वर्षं आणि वर २ महिने. दर भरतानाच हा बँकेचा खर्च धरा.


खडी_क्रशर

आणि चुकीच्या कारणाने बाद केलंच तर? स्थगिती मिळते का?


मेधा_वि

रस्ते, पूल, पाणीपुरवठा अशा पायाभूत कामांत कठीण. विशिष्ट अनुतोष अधिनियमात २०१८ च्या दुरुस्तीने कलम २०-अ आणि ४१ (एचए) आली. पायाभूत प्रकल्पाला विलंब होईल असा मनाईहुकूम दिवाणी न्यायालयाला देता येत नाही. एन. जी. प्रोजेक्ट्स (२०२२) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने रिट याचिकांतही हाच संयम सुचवला आणि अन्याय झाला असेल तर भरपाईकडे बोट दाखवलं. त्यामुळे वेळ हीच मोठी गोष्ट आहे. अपात्रतेचा शेरा पोर्टलवर दिसला त्याच दिवशी कारणाची लेखी मागणी करा. शक्यतो दुसरा लिफाफा उघडण्याआधी आक्षेप नोंदवा, आणि आक्षेपात तीनच गोष्टी लिहा: कुठली अट, मसुद्यात तिचा परिणाम कुठल्या पानावर काय लिहिला आहे, आणि तशीच उणीव असूनही कुणाला पात्र ठरवलं. कार्यारंभ आदेश निघून काम सुरू झाल्यावर आलेल्या याचिकेत कायद्याचा मुद्दा बरोबर असूनही हातात काही पडत नाही. रामण्णा शेट्टीतही याचिका उशिरा आली, म्हणून मुद्दा मान्य होऊनही दिलेलं कंत्राट न्यायालयाने हलवलं नव्हतं.